पान एक्कावन्न

"पुस्तकं न्यायला आलीस होय? फडताळात असतील बघ. घे आणि जा," एवढं बोलून हिंगमिरे अण्णांनी पुन्हा भिंतीकडे तोंड केलं.

सकाळचे अकरा वाजले होते. या माणसाला रस्त्यानं जाताना बघून तासगावातले लोक घड्याळ लावायचे, आणि तो चैत्राच्या उकाड्यात डोक्यावरून चादर घेऊन पडला होता. दोन महिन्यांची दाढी वाढली होती. खाटेखाली लेकीनं पाठवलेला डबा न उघडता पडला होता. मी उंबऱ्यातच घुटमळले, कारण अण्णांच्या घरात न विचारता पाऊल टाकायची कुणाची छाती नव्हती.

अण्णा म्हणजे सरकारी मोजणीदार. पस्तीस वर्षं त्यांनी तालुक्यातल्या जमिनी मोजल्या. भाऊबंदकीत कुणी कुणाचा बांध कोरला, कुणी हद्दीचा दगड एका रात्रीत चार फूट सरकवला, हे त्यांना म्हणे लांबून नुसत्या नजरेनं कळायचं. माघात त्यांच्या पत्नी महादेवीकाकू गेल्या आणि चौदा दिवसांनी, पाहुणे पांगल्यावर, अण्णा खाटेवर आडवे झाले ते झालेच. लेक गिरिजा मिरजेला दिलेली. ती त्यांना तिथल्या मनाच्या डॉक्टरांकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या आणि बजावलं, की हा आजार आहे, आळस नव्हे. गोळ्या चालू ठेवा आणि मन कशात तरी गुंतवा. अण्णा गोळ्या गिरिजा समोर असली तरच घ्यायचे, आणि मन गुंतवायला घरात मोजण्यासारखं काही उरलं नव्हतं.

मला पाठवलं होतं तगारे सरांनी. तगारे सर आमच्या वाचनालयाचे चिटणीस, निवृत्त गणिताचे मास्तर. काकूंच्या नावावर तीन पुस्तकं होती ती परत आण म्हणाले. मी तेव्हा एकतीस वर्षांची होते आणि सहा वर्षांपासून वाचनालयात पुस्तकांची देवघेव करत होते. सासर सोडून आईकडे परत आलेल्या बाईला आमच्या गावात दोनच नोकऱ्या मिळत, बालवाडीची नाहीतर वाचनालयाची. बालवाडीत पोरं रडतात, म्हणून मी वाचनालय घेतलं.

फडताळातून मी पुस्तकं काढली आणि तिथंच उभी राहून सवयीनं एक्कावन्नावं पान उघडून बघितलं. दोन पुस्तकांत खूण होती, तिसऱ्यात नव्हती. माझ्या तोंडून निघून गेलं, "अरेरे, हे काकूंचं वाचायचं राहिलं."

चादर हलली. "तुला काय माहीत?"

मी सांगितलं. आमच्याकडे जुन्या सभासदांची एक खोड होती. पुस्तक वाचून झालं, की एका ठरलेल्या पानावर आपली खूण करून ठेवायची, म्हणजे वर्षा-दोन वर्षांनी तेच पुस्तक चुकून घरी येत नाही. कुणी अकराव्या पानाच्या आकड्याला गोल करी, कुणी शंभराव्यावर फुली मारी. एक वकील तर शेवटच्या पानावर 'वाचले, वेळ गेला' असं लिहीत. 'पुस्तकांवर खुणा करू नयेत' अशी पाटी तगारे सरांनी स्वतः रंगवून लावली होती, आणि नवव्या पानावर बारीक त्रिकोण दिसला की समजावं, सरांचं वाचून झालं. महादेवीकाकूंचा सभासद क्रमांक एक्कावन्न. त्या त्या पानाच्या खालच्या कोपऱ्यात पेन्सिलीनं इवलंसं बेलाचं पान काढायच्या.

अण्णा उठून बसले. चष्मा शोधला. पुस्तक डोळ्यांजवळ नेलं आणि त्या नखाएवढ्या पानाकडे ते इतका वेळ बघत बसले, की मला वाटलं मी निघून गेलेलंही त्यांना कळणार नाही.

"चाळीस वर्षांत मला बोलली नाही," ते म्हणाले. "अशी किती असतील?"

"असतील बरीच. तीस वर्षं सभासद होत्या त्या."

"मोजून सांग."

घ्या! वाचनालयात साडेआठ हजार पुस्तकं. त्यातल्या प्रत्येकाचं एक्कावन्नावं पान उघडून बघायचं म्हणजे लष्कराच्या भाकऱ्या. पण दोन महिन्यांत हा माणूस पहिल्यांदा उठून बसला होता, आणि माझ्या घरी तरी कोण वाट बघत होतं? आठ दिवस दुपारच्या सुट्टीत मी आणि माझी शिंक असं दोघींनी मिळून सगळी कपाटं पालथी घातली. कादंबऱ्यांचं एक अख्खं कपाट मागं वाळवीनं खाल्लं होतं, त्यात काकूंची निम्मी हयात गेली असणार. हाती लागली अडतीस.

त्यातली पहिली तीन मी पिशवीत घालून नेली. अण्णा जन्मात गोष्टीच्या वाटेला गेले नव्हते. जे घडलंच नाही ते वाचायचं कशाला, हे त्यांचं मत सगळ्या गावाला पाठ होतं. आता ते खाटेवर मांडी घालून, हातात पट्टी धरून, एकेका ओळीखाली सरकवत वाचायला लागले. पुढच्या सोमवारी गेले तर तिन्ही वाचून झालेली, आणि माझी उलटतपासणीच सुरू. या पानावर हळदीचं बोट उमटलंय, म्हणजे हे तिनं स्वयंपाक करता करता वाचलं असेल का? या सुनेचं लेकरू जातं तिथं ती रडली असेल का? आमचंही पहिलं गेलं होतं, तेव्हा माझ्यासमोर रडली नव्हती. मी आपली "असेल अण्णा, असेल" म्हणत राहायची.

मे महिन्यात त्यांनी दाढी केली. जूनमध्ये एक दिवस स्वतःच वाचनालयाच्या पायऱ्या चढून आले. गोळ्याही वेळेवर घेतात, असं गिरिजानं फोनवर सांगितलं आणि मला इतके आशीर्वाद दिले, की मी संकोचून फोन कानापासून लांब धरला. गावात माझा भाव वधारला. तगारे सर येईल त्याला सांगायचे, औषधाला पुस्तकाची जोड कशी हवी ते आमच्या शालनकडून शिका. मी मान खाली घालून हसायची. खरं सांगायचं तर सहा वर्षांत मी वाचनालयातलं एकही पुस्तक वाचलं नव्हतं. बहुतेक कादंबऱ्यांत शेवटी नवराबायको एक होतात, असं कानावर होतं. दुसऱ्यांचे जुळलेले संसार वाचायची माझी इच्छा नव्हती, एवढंच. दूधवाला कुठं दूध पितो, असं म्हणून मी विषय उडवून लावायची.

ज्येष्ठाच्या शेवटी अण्णा सदतिसावं पुस्तक परत करायला आले. शांत होते, चेहराही प्रसन्न होता.

"किती राहिली गं आता?"

"एक."

"बरं झालं. ते झालं की मोजणी संपली. मग मी मोकळा."

मी हसून पुस्तकाची नोंद केली. ते पायऱ्या उतरून गेल्यावर त्या वाक्याचा अर्थ माझ्या डोक्यात शिरला. मी लगेच गिरिजाला फोन लावला. ती म्हणाली, परवाच अण्णांनी तिला बोलावून घेऊन आईचे दागिने, घराची कागदपत्रं सगळं तिच्या स्वाधीन केलं होतं. ती दुसऱ्याच दिवशी येऊन त्यांना डॉक्टरांकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी गोळ्या बदलल्या, तिला चार दिवस सोबत राहायला सांगितलं, आणि विचारलं, वाचन चालू आहे ना? ते बंद पडू देऊ नका.

बंद पडू देऊ नका. आणि कपाटात उरलं होतं एक पुस्तक.

त्या दुपारी तगारे सर जेवायला गेल्यावर मी पेन्सिलीला टोक केलं. कपाटातून एक जाडजूड पुस्तक काढलं, एक्कावन्नावं पान उघडलं आणि खालच्या कोपऱ्यात बेलाचं पान काढलं. खोट्या खरेदीखतावर सही करावी तसं वाटलं. पण पहिलं पान काढलं आणि भीड चेपली. अडतिसावं पुस्तक परत आलं तेव्हा मी अगदी साळसूदपणे म्हणाले, "अण्णा, मागच्या कपाटात आणखी काही सापडली बघा काकूंची. माझ्या नजरेतून सुटली होती."

अण्णांनी पान उघडून बघितलं. माझ्याकडे बघितलं. पुन्हा पानाकडे बघितलं. चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं मला त्या वेळी वाचनालयातला प्रत्येक माणूस माझ्याकडेच बघतोय असं वाटलं.

"सापडलं होय," एवढंच ते म्हणाले आणि पुस्तक पिशवीत टाकून निघून गेले.

चार दिवसांनी परत आले. म्हणाले, "आणखी आहेत का?"

मग काय, माझा कारखानाच सुरू झाला. मी वाचलेलं काहीच नसल्यामुळे निवड मुखपृष्ठावरून चालायची. पहिलं शिकारीचं दिलं होतं, ते वाघाचं चित्र छान होतं म्हणून. एक भुतांचं दिलं. हिमालयात पायी भटकून आलेल्या कुणा मास्तरांचं प्रवासवर्णन दिलं. एक विनोदी दिलं, ते परत करताना अण्णा दारातूनच हसत आले आणि त्यातला एक अख्खा प्रसंग, घोड्यावरून वरात चालली असता घोडा आपल्या जुन्या मालकाच्या दारात जाऊन उभा राहतो तो, त्यांनी उभ्याउभ्या सांगितला. वर्तमानपत्र वाचायला आलेली माणसंही हसली. मला तेव्हा थोडं नवल वाटायला हवं होतं. पहिल्या अडतिसांच्या वेळी अण्णांनी गोष्ट अशी कधी सांगितलीच नव्हती, नुसतं काकूंबद्दलच विचारलं होतं. पण यशाची धुंदी चढल्यावर नवल कुठलं वाटायला? अकरा पुस्तकं झाली. मी बेफिकीर झाले.

श्रावणातला दुसरा सोमवार होता. अण्णा उपासाचे, कपाळाला भस्म लावून आले. दुपारची वेळ, वाचनालयात मी एकटीच. त्यांनी बारावं पुस्तक माझ्यासमोर ठेवलं आणि पहिलं पान उघडलं. तिथं आमचा दाखल शिक्का असतो, त्यात पुस्तक कुठल्या तारखेला आलं ते लिहिलेलं असतं.

"वाच."

मी वाचलं. तारीख जुलैची होती. नव्या खरेदीतलं कोरं करकरीत पुस्तक. काकू फेब्रुवारीत गेल्या होत्या.

अण्णांनी मग एक्कावन्नावं पान उघडलं आणि कोपऱ्यातल्या बेलाच्या पानावर बोट ठेवलं.

मला रडूच कोसळलं. सहा वर्षांत वाचनालयात मी एकदाही रडले नव्हते, सासरचं सगळं घडून गेलं तेव्हासुद्धा नव्हते रडले. मी पदर तोंडाला लावून जमेल तसं सांगत सुटले. तुम्ही 'मग मी मोकळा' म्हणालात, मला भीती वाटली, दुसरं काही सुचलं नाही, काकूंच्या नावानं खोटं केलं, माझं चुकलं, माफ करा. मला खात्री होती, हा माणूस आता मागं फिरेल, घरी जाईल, आणि त्या खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडेल, आणि या वेळी तो उठायचा नाही. आणि हे मी केलेलं असेल.

"पस्तीस वर्षं दगड सरकवणारे बघितले मी," अण्णा म्हणाले. आवाजात राग नव्हता, कारकुनाचं कच्चं काम बघून साहेब वैतागतो तसा वैताग होता. "पण इतकं ढिसाळ काम नव्हतं बघितलं. खोटं करायचं तर निदान तारीख तरी बघायची, पोरी."

मी मान वर केली.

"तुझी तिन्ही पानं सारखी असतात. बेलाचं मधलं पान मोठं असतं, त्याचा देठही लांब असतो. ती रोज पूजेला बेल निवडायची. ती कशी चुकेल?"

"म्हणजे आजच नाही कळलं तुम्हाला?"

"पहिल्या दिवशीच कळलं."

पहिल्या दिवशी कळलं तर बाराही पुस्तकं नेली कशाला, असं मी विचारलं.

"पहिलं नेलं ते तुझी लबाडी माझ्याच घरी उघडी पाडावी म्हणून. रागानं नेलं. वाघाचं होतं ते. पहिलं पान वाचलं, म्हटलं, हे तर तिनं वाचलेलंच नाही. मग बघायचं काय यात? हळदीचं बोट नाही, काही नाही. ती रडली असेल का, हसली असेल का, काही शोधायचं नाही. म्हणून नुसतंच वाचलं. तर वाघ माळावर येऊन उभा राहिला आणि माझ्या अंगावर काटा आला." ते थांबले. "तिच्या अडतीस पुस्तकांत मला एक गोष्ट आठवत नाही बघ. सगळ्यांत मी तिलाच धुंडाळत होतो. ती काही सापडली नाही. उलट प्रत्येक पुस्तक संपलं की ती पुन्हा एकदा जायची. अडतीस वेळा गेली."

आता रडायची पाळी त्यांची होती, पण ते रडले नाहीत. उपरण्यानं चष्मा पुसला.

"ते संपलं की आपणही आवरायचं, असं मी ठरवलं होतं. तुझ्या लक्षात आलं ते खोटं नव्हतं," ते म्हणाले. "पण मग म्हटलं, ही बया दुपारी उपाशी बसून माझ्यासाठी वाकडीतिकडी पानं काढतीय. अजून कुणाला तरी मी असावा असं वाटतंय. मग घाई कसली?"

मी उठून माठातलं पाणी आणून दिलं आणि त्यांनी ते घटाघटा पिऊन टाकलं.

मग त्यांनी खुणेचं पुस्तक माझ्याकडे सरकवलं. खोडरबर घे आणि सगळ्या बारा पुस्तकांतली पानं पुसून टाक म्हणाले. तिच्या हद्दीत तिचंच राहू दे.

"आणि मला एखादं असं दे," ते म्हणाले, "ज्यावर कुणाचीच खूण नाही."

सोपं नव्हतं ते. आमच्या वाचनालयात अस्पर्श असं काही सापडणं मुश्कील. जे हाती घ्यावं त्यावर गोल, फुली नाहीतर तगारे सरांचा त्रिकोण. शेवटी त्याच सकाळी आलेल्या गठ्ठ्याची सुतळी मी कापली. अण्णांनी वरचं पुस्तक उचललं, नावसुद्धा बघितलं नाही, आणि काखोटीला मारून पायऱ्या उतरून गेले.

मी त्या आठवड्यात गिरिजाला तीनदा फोन केला. गोळ्या घेतायत, जेवतायत, ती म्हणाली, आणि कसलं तरी पुस्तक वाचताना मोठमोठ्यानं स्वतःशी बोलतायत.

शुक्रवारी ते आले आणि पुस्तक माझ्या टेबलावर आपटलं. लेखकाला अक्कल नाही. दोनशे पानं त्या बाईला एवढी मानी दाखवली, आणि शेवटी ती नवऱ्याच्या दारात परत जाते म्हणजे काय? कशी जाईल? मोजणीच चुकली आहे. सुरुवातीची हद्द एक आणि शेवटची भलतीच. पाऊण तास ते बोलत होते. तगारे सरांनी दोनदा 'शांतता राखा' या पाटीकडे बोट दाखवलं, तिसऱ्यांदा तेही खुर्ची घेऊन ऐकायला बसले. मी नोंदी करता करता "हो ना अण्णा", "खरं आहे अण्णा" म्हणत होते. अण्णा एकदम थांबले.

"तू वाचलंस का हे?"

"नाही."

"मग हो कशाला म्हणतीस?"

मी नोंदवही मिटली.

"वाच आधी," ते म्हणाले. "चाळीस वर्षं माझ्या घरात माझ्याशी भांडायला माणूस होतं. आता कुणीतरी पाहिजे का नको?"

त्या संध्याकाळी सहा वर्षांत पहिल्यांदा मी एक पुस्तक स्वतःच्या नावावर नोंदवून घरी नेलं. आईनं दोनदा जेवायला हाक मारली. शेवटच्या प्रकरणात मी थबकले, कारण दाराशी उभी असलेली ती बाई आत का जाते हे लेखकानं एका लहानशा वाक्यात सांगितलं होतं. ती तिथं राहायला जातच नाही. ती आपली शिवणयंत्राची पेटी न्यायला जाते, आणि पुस्तक तिथंच संपतं. अण्णांनी ते वाक्य पट्टी सरकवताना गाळलं होतं. मी ते चार वेळा वाचलं. माझीही एक पेटी सासरी राहिली होती. पुढच्या महिन्यात भावाला बरोबर घेऊन मी ती घेऊन आले, पण ती गोष्ट वेगळी.

सोमवारी अण्णा आले तेव्हा मी पुस्तक उघडून तयारच बसले होते. त्यांना म्हटलं, शेवट बरोबर आहे अण्णा, तुम्हालाच वाचता आला नाही.

"असं म्हणतीस?" अण्णा म्हणाले, आणि त्यांनी खुर्ची ओढली.